नाना शंकरशेट: फक्त 'दानशूर' नाही हो

मुंबई सेंट्रल स्थानकाला नाना (जगन्नाथ) शंकरशेट यांचं नाव देण्याची बातमी पुन्हा फिरतेय. नाव द्या, माझी ना नाही. नाना चौकही तिथून हाकेच्या अंतरावर. पण हे स्थानक १९३० सालचं, बी.बी.सी.आय. रेल्वेचं, म्हणजे आजच्या पश्चिम रेल्वेचं. नाना संचालक होते जी.आय.पी.चे (आजची मध्य रेल्वे), म्हणजे १६ एप्रिल १८५३ ला बोरीबंदरहून ठाण्याला पहिली गाडी सोडणाऱ्या कंपनीचे. लाईनच चुकली राव! असो.

माझं दुखणं वेगळंच आहे. आपण नानांना 'दानशूर', 'शिल्पकार' वगैरे म्हणतो आणि हार घालून मोकळे होतो. त्यांच्यातला राजकारणी कुणाला आठवतच नाही.

मुरबाडच्या मुरकुटे घराण्यातला हा माणूस, जन्म १८०३. विशीच्या आत वडील गेले, पेढी अंगावर पडली. बाजारात पत अशी, की अरब आणि अफगाण व्यापारी पैसे बँकेत ठेवण्याऐवजी नानांकडे ठेवत. नानांनी आयुष्यभर राजकारण केलं ते बाजारातल्या याच विश्वासावर. साहेबाशी दोस्ती ठेवायची, पण पटलं नाही की लेखी विरोध नोंदवायचा.

याचा नमुना १८४७ सालचा. मुंबईच्या सरकारी शिक्षण मंडळाचे अध्यक्ष होते सर अर्स्किन पेरी, न्यायमूर्ती. त्यांचं म्हणणं, वरचं शिक्षण इंग्रजीतूनच द्यावं. नाना त्याच मंडळावर होते. त्यांनी खरमरीत टिपण लिहून सांगितलं की देशी भाषांतूनच ज्ञान लोकांपर्यंत पोचेल. फ्रामजी कावसजी, महंमद इब्राहिम मकबा आणि कर्नल जर्विस त्यांच्या बाजूचे. म्हणजे एक हिंदू, एक पारशी, एक मुसलमान आणि एक गोरा लष्करी अधिकारी, चौघेही अध्यक्षांच्या विरोधात! बरं, नाना काही इंग्रजीचे वैरी नव्हते, मुंबईचे गव्हर्नर एल्फिन्स्टन यांच्या शिक्षणकार्यात ते पुढेच होते. आज शिक्षणाच्या माध्यमावरून आपण कमेंटमध्ये एकमेकांचे गळे धरतो, तेव्हा मला हे टिपण हटकून आठवतं.

पुढे २६ ऑगस्ट १८५२ ला बॉम्बे असोसिएशन ही राजकीय संस्था निघाली, नाना अध्यक्ष. ईस्ट इंडिया कंपनीच्या सनदेचं, म्हणजे इथे राज्य करण्याच्या परवान्याचं, नूतनीकरण तोंडावर आलेलं. संस्थेने थेट ब्रिटिश पार्लमेंटकडे अर्ज धाडला, त्यात कारभारात हिंदी लोकांना वाटा मागितला. काँग्रेस जन्मायला अजून तेहतीस वर्षं होती.

कौन्सिलांत हिंदी लोकांना घेण्याची वाट उघडणारा १८६१ चा कायदा आला आणि १८६२ मध्ये नाना मुंबई प्रांताच्या कायदे कौन्सिलात बसले. निवडून नव्हे, सरकारनियुक्त. त्या कौन्सिलाला सरकारच्या खर्चाचा जाब विचारायचीही सोय नव्हती. म्हणून कुणी त्याला शोभेचं पद म्हणेल. मला नाही पटत. दहा वर्षांपूर्वी जो वाटा अर्ज करून मागितला, त्यातला पहिला तुकडा होता तो. आणि तेव्हा नानांचं वय साठीला टेकलेलं. ३१ जुलै १८६५ ला ते गेले, म्हणजे खुर्ची मिळाली जेमतेम तीन वर्षं.

आमच्या पिढीला मात्र हे नाव कळलं ते मॅट्रिकच्या निकालातून. संस्कृतमध्ये पहिल्या येणाऱ्याला 'जगन्नाथ शंकरशेट शिष्यवृत्ती'. मराठीसाठी भांडलेल्या माणसाचं नाव घराघरात पोचलं ते असं, संस्कृतच्या मार्कांवर!