मॅच पंधराची, अमावास्या चौदाची

आम्ही चौघं. बापू, मास्तर, भाऊड्या आणि मी. पंचवीस वर्षांत आम्ही अमळनेरच्या टपरीवर बसून गोवा, उटी आणि दोनदा काश्मीर ठरवलंय. गेलोय शिर्डीला. तेही भाऊड्याच्या मेव्हण्याला सोडायला.

27 जून 2023 ला वर्ल्डकपचं वेळापत्रक आलं. भारत-पाकिस्तान, 15 ऑक्टोबर, रविवार, अहमदाबाद. बापूने बशीतला चहा एका घोटात संपवला.

"जाऊत भो. दोन राती, तीन दिवस. अहमदाबाद काय, सुरतना जराखा पुढे शे."

खान्देशी माणसाला सुरत परगाव वाटतच नाही. प्रत्येकाची एक तरी मावशी उधन्याला असते. त्यापुढचं 'जराखं' म्हणजे अडीचशेच्या आसपास किलोमीटर, पण टपरीवर नकाशा कोण काढतो? तिथल्या तिथे व्हॉट्सॲप ग्रुप निघाला, 'चलो अहमदाबाद'. ॲडमिन मी. म्हणजे खर्च आधी माझा, हिशोब नंतर.

रेल्वेपासूनच गंमत सुरू झाली. तेव्हा रिझर्वेशन 120 दिवस आधी उघडायचं. म्हणजे मॅच कधी आहे हे जगाला कळायच्या आधीच 14 तारखेची गाडी बऱ्यापैकी भरलेली. आम्हाला वेटिंग 23 ते 26. मास्तरांच्या मते हे शुभ होतं, कारण चौघांचे नंबर लागोपाठ होते.

मग राहायचं. अहमदाबादच्या हॉटेलांचे दर ऐकून भाऊड्याला वाटलं, ते खोली विकतायत. स्टेडियम एक लाख 32 हजार लोकांचं. तेवढे लोक रात्री कुठेतरी आडवे होणारच. तेवढ्यात पेपरात बातमी आली, लोक हॉस्पिटलात बेड बुक करतायत! फुल बॉडी चेकअप, एक रात्र मुक्काम, जेवण, सोबत एक नातेवाईक. मास्तरांना बीपी आहे, शुगरही आहे. त्यांची छाती अभिमानाने फुलली. "मी पेशंट, बापू नातेवाईक." आता उरलेल्या दोघांत पेशंट कोण? भाऊड्या म्हणाला, "माले काहीच व्हयेल नही." मी म्हणालो, मलाही नाही. ग्रुपवर दोन दिवस हाच वाद. शेवटी भाऊड्याच्या बायकोने त्याच्या आजारांची यादी पाठवली, तेव्हा तो ग्रुप सोडून गेला. समजूत काढून परत आणावा लागला.

हॉस्पिटल बारगळलं. स्टेडियमपासून भरपूर लांब एक लॉज मिळाला. एक खोली, चार माणसं, आठ हजार ॲडव्हान्स. 'नो रिफंड' हे मालकाने फोनवर इतकं गोड गुजरातीत सांगितलं की मला वाटलं, नाश्ता फ्री आहे. पैसे मीच भरले. माणशी दोन हजार द्या, असं ग्रुपवर लिहिलं. तीन अंगठे आले.

अंगठ्यांपाठोपाठ बायकांच्या याद्या आल्या. येताना सुरतला उतरून साड्या आणायच्या. बॉर्डरचा फोटो, रंगाचा फोटो, आणि 'यापेक्षा जरा फिका' अशी सूचना. मॅचच्या नावाखाली आम्ही कापड खरेदीला निघालो होतो. गुजरातेत वरणातही गूळ असतो म्हणून भाऊड्याने किलोभर ठेचा न्यायचं ठरवलं. मॅचची तिकिटं अजून विक्रीलाही आली नव्हती, पण त्याची काळजी कोणालाच नव्हती. ठेचा पक्का होता.

9 ऑगस्टला सुधारित वेळापत्रक आलं. पंधराला घटस्थापना. गुजरातेत नवरात्र म्हणजे रात्रभर गरबा, पोलीस तिकडे गुंतणार. म्हणून मॅच एक दिवस अलीकडे, 14 ऑक्टोबर, शनिवार.

आमची गाडी चौदाच्या सकाळची. ती अहमदाबादला पोचेपर्यंत निम्मी मॅच आटोपलेली असणार. लॉज चौदाच्या रात्रीपासून. मालकाला फोन केला. तो म्हणाला, "भाई, तेरची खोली गेली. चौदाला या ना, आरामात गरबा बघा."

मी ग्रुपचं नाव बदलून 'चलो 13' केलं. त्यावर बापूचा मेसेज आला. "मना बापनं सराद शे त्या दिनले."

कॅलेंडर काढलं. 14 ऑक्टोबर, सर्वपित्री अमावास्या. गुजरातेतल्या देवीची सोय करताना मॅच थेट खान्देशातल्या पितरांवर येऊन पडली होती. बापू म्हणाला, तुम्ही जा. पण बापू येणार नाही तर मास्तर येणार नाहीत, मास्तर नाहीत तर भाऊड्याला घरून परवानगी नाही. तरी सप्टेंबरात तिकिटं निघाली तेव्हा मी एकट्याने फोनवर नंबर लावला. स्क्रीनवर एक माणूस रेषेवरून चालत होता. तो अर्ध्यापर्यंत गेला. जेवून आलो तरी अर्ध्यावरच. मग 'सोल्ड आउट'. ग्रुपचं नाव बदललं, 'पैसे द्या'.

बापूचं म्हणणं, "मी येवाव नव्हतू, मंग पैसा कसाना?" मास्तर म्हणाले, तत्त्वतः मान्य. भाऊड्या म्हणाला, "पैसा काय पयी जातंस का?"

चौदाला आम्ही तिघं बापूकडे जेवायला. विस्तवावर पितरांच्या नावाने घास, म्हणजे आगारी, टाकून झाली, पान गच्चीवर ठेवलं. खीर, वडे, कढी, सगळं. कावळा काही येईना. दीड वाजला. खाली टीव्हीवर टॉस झाला, रोहितने जिंकला, बॉलिंग घेतली, तरी आम्ही उन्हात हात जोडून उभे. भूक लागलेली. बापूच्या आईने, आमच्या जिजीने, नातवंडांची लग्नं, विहिरीची मोटार, सगळं कबूल करून पाहिलं. कावळा समोरच्या टाकीवर बसून मान वाकडी करून बघत होता.

"काय इच्छा राही गई व्हई त्यासनी?" जिजीचा आवाज भरून आला.

आबांनी हयातीत कोणाची उधारी ठेवली नव्हती. हे मी फक्त आठवण म्हणून म्हणालो, जरा मोठ्याने.

बापूने माझ्याकडे पाहिलं. मग टाकीकडे. मग डोळे मिटले. "आबा, याना दोन हजार मी आजच दी टाकसू."

कावळ्याने वडा उचलला.

खाली आलो तेव्हा मॅच सुरू झाली होती. संध्याकाळी पाकिस्तान दोन बाद 155 वरून 191 ला गुंडाळलं गेलं, आपण सात विकेट्सनी जिंकलो. बापूने वाटीभर खिरीसोबत दोन हजार रोख दिले.

मास्तर आणि भाऊड्याचे अजून बाकी आहेत. मास्तरांच्या वडिलांची तिथी पंचमीची असते, एवढं कळलंय. भाऊड्याची चौकशी चालू आहे.