काळदेवीचा धर्म: एक खुलासा

‘झेल्डा’ या व्हिडिओ गेममालिकेत काळदेवीचा अख्खा धर्म आहे, ‘टेंपल ऑफ टाइम’ हे तिचंच देऊळ आणि ती म्हणजेच मालिकेतली दुसरी देवी हायलिया, असं गेमप्रेमींमध्ये छातीठोकपणे सांगितलं जातं. गेममध्ये मात्र असं काहीच सांगितलेलं नाही.

काळदेवीचं नाव येतं ते २००० सालच्या ‘मेजोराज मास्क’मध्ये. चंद्र कोसळायला आलेला असताना गेमचा नायक लिंक याची सोबतीण, टॅटल नावाची परी, काळदेवीचा धावा करते: आम्हाला आणखी वेळ दे! मग लिंकला राजकन्या झेल्डाचे शब्द आठवतात: देवी तुझ्या पाठीशी आहे, ‘साँग ऑफ टाइम’ ही धून वाजव. ओकारिनावर (हे एक फुंकवाद्य) ती वाजवली की काळ तीन दिवस मागे. देवीचा हिशेब मात्र चोख: मुखवटे राहतात, पण खिशातले रुपी (गेममधलं चलन), बाण, बाँब सगळं जातं. बँकेत ठेवलेले रुपी तेवढे वाचतात! (देवीपेक्षा बँकवाला भरवशाचा, असंच म्हणायचं.)

पण पुजारी, मूर्ती, व्रतवैकल्यं? नाव नको. गावात ‘कार्निव्हल ऑफ टाइम’ भरतो खरा, पण त्या रात्री हाक मारायची ती चार महाकाय रक्षकांना.

‘टेंपल ऑफ टाइम’ १९९८ च्या ‘ओकारिना ऑफ टाइम’मधलं. तिथे मास्टर तलवार आहे आणि पवित्र प्रदेशात जायची वाट. हायलिया तर थेट २०११ च्या ‘स्कायवर्ड स्वोर्ड’मध्ये अवतरली. काळदेवी आणि हायलिया या दोघींना एक मानणं हा चाहत्यांचा तर्क. तो खुशाल लढवा, फक्त ‘गेममध्येच सांगितलंय’ म्हणू नका.