हाडं चघळून दात पांढरे होतील, हिरड्यांचं काय?

‘लांडग्याचे दात कोण घासतं? कुत्र्याला कडक हाड द्या, दात आपोआप साफ होतात. प्राण्यांच्या तोंडाला वास असतोच. आणि जनावर नीट जेवतंय म्हणजे काही दुखत नाही.’ हा सल्ला जो तो पुढे पाठवतो आहे. त्यापायी मुकी जनावरं वर्षानुवर्षं दुखणं सोसतात, म्हणून हे लिहिते आहे.

आधी जंगलाचं. हिंदी महासागराच्या दक्षिण भागात मॅरियन बेट आहे. तिथे माणसांनी नेलेली मांजरं रानटी झाली आणि पिढ्यानपिढ्या समुद्रपक्षी मारून जगली. त्यांच्या कवट्या तपासल्या तेव्हा दातांवर टार्टर, म्हणजे साचून कडक झालेला थर, फारसं नव्हतं, पण हिरड्यांच्या रोगाच्या खुणा निम्म्याहून अधिक मांजरांत सापडल्या. चावण्याने दाताचा दिसणारा भाग घासला जातो, हे खरंच आहे. रोग मात्र हिरडीच्या खाली वाढतो. दातावर बसलेला जंतूंचा चिकट थर दोन-तीन दिवसांत लाळेतल्या खनिजांनी दगडासारखा होऊ लागतो. जंतू हिरडीखाली उतरले की दाताला धरून ठेवणारं हाडच झिजतं. नुसती हिरडी सुजलेली असेल तर ती पूर्ववत होते. झिजलेलं हाड सहसा भरून येत नाही. लहान चणीच्या कुत्र्यांत तर जबडा इतका पोखरतो की थोड्या धक्क्यानेही मोडू शकतो.

कडक हाडाने उलट वरची मोठी दाढ फुटते. नख दाबून खूण उमटत नसेल, तर ती वस्तू चघळायला देऊ नये.

वास? तो बहुतेकदा जंतूंचाच. निरोगी तोंडाला दुर्गंधी नसते.

‘जेवतंय ना’ हा समज मला सगळ्यांत घातक वाटतो. दाढ दुखत असली तरी भूक लागतेच. जनावर एकाच बाजूने चावतं, घास तसाच गिळतं, तोंडाला हात लावू देत नाही. डोळ्याखाली सूज आली, तर वरच्या दाढेच्या मुळाशी पू झालेला असू शकतो. सडलेले दात काढल्यावर ‘म्हातारा झाला’ म्हणून सोडून दिलेला कुत्रा पुन्हा खेळू लागतो, हे पशुवैद्यांना नवीन नाही.

भूल न देता दात खरवडून घेण्यातही हीच चूक आहे: वरचा भाग चकचकीत होतो, हिरडीखालचं तसंच राहतं.

घरी रोज मऊ ब्रश फिरवा, प्राण्यांसाठीचीच पेस्ट वापरा. माणसांच्या काही पेस्टमध्ये झायलिटॉल हा गोडी आणणारा पदार्थ असतो. त्याने कुत्र्याच्या रक्तातली साखर झपाट्याने उतरते, यकृतही निकामी होऊ शकतं.