आपल्याकडं ऊन लई, वॉल्व्ह काढून टाका!

गाडी गरम व्हायची, त्यापायी साडेनऊ हजार रुपये गेले. खराब होता ६४० रुपयांचा एक पार्ट, आणि तो सोडून बाकी सगळं बदललं गेलं. एप्रिलपासून डिसेंबरपर्यंत तीन गॅरेज झाली, चौथ्यानं तर इंजिनच खोलायला काढलं होतं. एकाही माणसानं दहा मिनिटं थांबून नेमकं काय बिघडलंय ते बघितलं नाही. राग आलाय, आणि तो गिळून बसायची माझी तयारी नाही.

गाडी जुनी आहे, पेट्रोल, २०१२ ची. एप्रिलच्या शेवटी गंजगोलाईच्या गर्दीत पहिल्यांदा तापमानाचा काटा वर चढला. गाडी बाजूला घेतली, अर्ध्या तासानं पुन्हा ठीक. पहिल्या मिस्त्र्यानं बॉनेट उघडलं, गाडी चालू ठेवली, फॅन फिरत नाही म्हणाला. बस्स, निदान झालं. फॅनची मोटार बदलली, २,९०० रुपये मजुरीसकट. वर आतलं सगळं कूलंट, म्हणजे इंजिन गार ठेवायचं रसायन, त्यानं दुकानापुढच्या नालीत सोडून दिलं. ते चवीला गोड असतं आणि विषारी असतं. गल्लीतलं कुत्रं नाहीतर गाय येऊन त्याला तोंड लावेल, हा विचार त्याच्या डोक्यातही आला नाही. आणि रेडिएटर, म्हणजे इंजिनातलं पाणी गार करणारी पुढची जाळी, भरला कशानं? बोअरच्या पाण्यानं.

लातूरचं बोअरचं पाणी काय असतं ते लातूरकराला सांगायची गरज नाही. चहाच्या पातेल्याच्या बुडाला पांढरा थर, नळाच्या तोंडावर पांढरा थर, गिझरची कॉइल वर्षाला बाद. हेच पाणी इंजिनात ८०-९० अंशांवर तापत ठेवायचं! २०१६ ला मिरजेहून रेल्वेनं पाणी आलं तेव्हा घागरी घेऊन रांगेत उभी राहिलेली माणसं आहोत आम्ही. पाण्यापाण्यातला फरक आम्हाला नाही कळणार तर कुणाला कळणार? बॅटरीत टाकायचं पाणी प्रत्येक इन्व्हर्टरवाल्याच्या घरात कॅनमध्ये पडून असतं. तेच रेडिएटरला लागतं. पण मिस्त्र्याचं उत्तर ठरलेलं: "चालतंय की."

मे महिन्यात आईला घेऊन केजला लग्नाला निघालो. रेणापूर गेलं, बर्दापूर फाट्याच्या अलीकडं काटा एकदम लाल रेघेला भिडला. दुपारचे साडेबारा, आईला शुगर, सावलीला एक लिंबाचं झाड. गाडी बंद केली. समोरच्या हॉटेलातून एकजण बादली घेऊन धावत आला, इंजिनावर पाणी मारू म्हणाला. माणूस मनानं चांगला होता, पण तापलेल्या इंजिनावर गार पाणी ओतलं तर हेड, म्हणजे इंजिनाचा वरचा भाग, वाकतं, चिरतं. कसंबसं थांबवलं त्याला. रेडिएटरचं झाकण उघडू म्हणाला, तेही उघडू दिलं नाही. कुकरची शिट्टी वाजत असताना झाकण काढल्यासारखं असतं ते, सगळी वाफ तोंडावर येते.

तेव्हा मी एक गोष्ट बघितली. इंजिनाच्या अंगाला हात नेववत नव्हता इतकी धग, आणि रेडिएटर? कोमट. हाताची पाठ लावून बघितली, खरंच कोमट. वरचा जाड पाईप इंजिनाकडच्या टोकाला भाजत होता आणि रेडिएटरकडच्या टोकाला नुसता गरम. म्हणजे इंजिनातलं उकळतं पाणी रेडिएटरपर्यंत पोचतच नव्हतं, मध्येच कुठंतरी अडत होतं.

हे मी दुसऱ्या मिस्त्र्याला शब्दाशब्दानं सांगितलं. गाडी ओढून आणायला १,८०० दिले होते, निदान ऐकून तरी घ्यावं. तो म्हणाला, "साहेब, तुम्ही गाडी चालवा, आम्हाला शिकवू नका. पंप गेलाय." इंजिनात पाणी फिरवणारा तो जुना पंप ना हलवून बघितला, ना गळतो का ते बघितलं. नवा बसवला, ४,३०० घेतले. वीस दिवसांनी काटा पुन्हा लाल.

तिसऱ्याला खरं कारण सापडलं. आणि सगळ्यात जास्त राग मला याच माणसाचा आहे! त्यानं वरच्या पाईपाच्या तोंडाशी असलेली टोपी खोलली, थर्मोस्टॅट वॉल्व्ह काढला, मला दाखवला आणि म्हणाला, "हे बघा, जाम झालाय." मला वाटलं, सुटलो. नवा कितीला पडेल विचारलं. तर म्हणे, "नवा कशाला? हे थंडीच्या मुलखासाठी असतंय. आपल्याकडं ऊन लई, काढून टाका. आता गाडी गरम झाली तर नाव बदला माझं." टोपीला लाल सिलिकॉन फासलं, आत काहीच न बसवता बोल्ट आवळले आणि ५०० रुपये घेतले. दुखणं नेमकं कळलेला माणूस, आणि त्यानं औषध न देता अवयवच काढून टाकला.

हे एकट्याचं नाही. लातूर, उदगीर, परभणी, बीड, कुठंही जा, शंभरदा हेच ऐकाल. आपल्याकडं ऊन लई. अहो, ऊन लई म्हणून इंजिनाला वॉल्व्ह नको, हे कुणी सांगितलं तुम्हाला? ती गाडी डिझाइन करणाऱ्याला उन्हाळा माहीत नव्हता का? राजस्थानात विकलेल्या गाडीतही तो असतोच ना?

त्याचं काम काय ते नीट समजून घ्या. पितळेच्या छोट्या कुपीत मेण भरलेलं असतं. माझ्या गाडीच्या वॉल्व्हवर ८२ आकडा कोरलाय. ८२ अंशांना ते मेण वितळून फुगायला लागतं, दांडी ढकलतं, स्प्रिंग दाबली जाते, झडप उघडते. ९५ च्या आसपास पूर्ण उघडते. पाणी गार झालं की मेण आकसतं, झडप मिटते. ना वायर, ना वीज. इंजिन गार असताना त्यानं रेडिएटरकडची वाट बंद ठेवायची म्हणजे इंजिन लवकर तापेल, आणि तापलं की वाट उघडायची. दोन्ही कामं त्याचीच. तो बंद अवस्थेत अडकला की गाडी उकळते. काढूनच टाकला तर इंजिन कधी नीट तापतच नाही. काही इंजिनांत तर त्याची खालची चकती दुसरी एक आडवाट बंद करते, तिथं तो काढला की पाणी रेडिएटरकडं न जाता आडवाटेनंच फिरत राहतं आणि गाडी उलट जास्त गरम होते.

आणि तो फॅन! माझ्या गाडीत फॅन चालू करणारा स्विच रेडिएटरच्या खालच्या टाकीत आहे. रेडिएटरमध्ये गरम पाणी आलंच नाही तर स्विच लागणार कसा? फॅन ठणठणीत होता. त्याच्यापर्यंत उष्णताच पोचत नव्हती. त्या स्विचच्या दोन वायरी क्षणभर जोडून बघितल्या असत्या तर फॅन तिथंच फिरला असता. अर्धा मिनिट लागला असता. तेवढा अर्धा मिनिट नव्हता त्याच्याकडं, २,९०० घ्यायला मात्र वेळ होता.

पावसाळा बरा गेला. डिसेंबरात त्या काढलेल्या वॉल्व्हनं रंग दाखवला. पहाटे नांदेडला निघालो, अहमदपूर आलं तरी काटा पहिल्या रेघेच्या वर नाही. हीटरमधून गार वारा, मागं लेकरू स्वेटरमध्ये कुडकुडतंय. सतराचं ॲव्हरेज तेरावर आलं, कारण इंजिन गार आहे असं समजून गाडी जादा पेट्रोल ओढत राहते. एक दिवस ऑइलचं झाकण उघडलं तर आतून दह्याच्या चक्क्यासारखा पांढुरका थर. चौथ्याकडं गेलो. तो थर बोटावर घेऊन म्हणाला, "हेड गॅस्केट गेलं. हेड खोलावं लागतंय. अठरा हजार धरून चला." गॅस्केट म्हणजे हेड आणि इंजिनामधली सील, ती गेली की पाणी ऑइलात शिरतं. पण पाण्याची पातळी एक बोटभरही उतरलेली नव्हती. सायलेन्सरमधून पांढरा धूर नव्हता. ऑइलच्या काडीवर ऑइल स्वच्छ होतं. इंजिन तापत नाही म्हणून आतली वाफ झाकणाखाली साचत होती, दुसरं काही नाही. मी किल्ली मागून घेतली आणि गाडी घरी आणली.

जुना वॉल्व्ह माझ्याकडंच होता. बदललेला माल दुकानात सोडायचा नाही ही अण्णांची शिकवण आहे. ताईच्या कॉलेजातून ११० अंशांपर्यंतचा थर्मामीटर आणला, आईकडून एक जुनं पातेलं घेतलं. दोऱ्यानं वॉल्व्ह बांधून बुडाला टेकणार नाही असा पाण्यात लोंबकळत सोडला आणि गॅस लावला. ऐंशी, काही नाही. नव्वद, काही नाही. लातूर सहाशे मीटरच्या वर आहे, इथं पाणी शंभरच्या थोडं आधीच उकळतं. अठ्ठ्याण्णवला पाणी खळखळायला लागलं तरी झडप केसभर हलली नाही. दहा मिनिटं! एवढीच परीक्षा होती ती.

मग पार्ट शोधणं. पहिल्या दुकानदाराची तीच टेप, "काढून टाका की, घेताय कशाला?" दुसऱ्यानं १८० चा लोकल दिला, वर आकडाच नाही. त्याच पातेल्यात टाकला तर उघडला, पण पाणी गार झाल्यावर पूर्ण मिटला नाही. उजेडात धरला तर फट दिसत होती. परत नेला तर म्हणे, "विकलेला माल परत नाही." शेवटी कंपनीचा मागवला, चार दिवसांनी आला, ६४० रुपये. त्याच्या फटीत दोरा चिमटवून पाण्यात सोडला. ८३ ला दोरा सुटला आणि वॉल्व्ह अलगद बुडाला गेला. गार झाला तसा घट्ट मिटला.

रविवारी सकाळी इंजिन पूर्ण गार असताना कामाला बसलो. खाली टब ठेवून खालचा पाईप सोडला. बाहेर काय आलं म्हणता? विटकरी रंगाचं पाणी, जून-जुलैत मांजरेला येतं तसं. सात महिने हे माझ्या इंजिनात फिरत होतं. दहा नंबरच्या पान्यानं टोपीचे दोन बोल्ट काढले. आत त्या लाल सिलिकॉनचे तुकडे सुटून लोंबत होते. ते रेडिएटरच्या बारीक नळ्यांत जाऊन बसले की नवा रेडिएटर घ्या. ॲल्युमिनियमच्या तोंडावर स्क्रू ड्रायव्हरनं ओरबाडल्याच्या दोन खोल रेघा. कुणाच्या गाडीला असं खरवडताना हात कसा उचलतो यांचा? मी लाकडी चमच्याच्या कडेनं हळूहळू साफ केलं, त्यालाच अर्धा तास लागला.

मग नवा वॉल्व्ह बसवला: स्प्रिंगची बाजू इंजिनाकडं, हवा सोडणारी छोटी हलती पिन वरच्या अंगाला, नवी रबरी रिंग. बोल्ट आलटून पालटून, बेतानं आवळले. ॲल्युमिनियम आहे, जोर लावला की आटे जातात. चार वेळा साध्या पाण्यानं धुतलं, पाचव्यांदा बॅटरीच्या पाण्यानं, मग अर्धं कूलंट अर्धं बॅटरीचं पाणी भरलं. तयार मिसळलेलं कूलंट आणलं असेल तर त्यात पाणी घालायचं नाही, डब्यावर लिहिलेलं असतं. हीटर पूर्ण गरमवर, झाकण उघडं ठेवून गार गाडी चालू केली. बुडबुडे येत राहिले, पातळी उतरली तसं भरत गेलो. बुडबुडे थांबल्यावर झाकण लावलं. वरच्या पाईपावर हात ठेवून बसलो. पाच मिनिटं गार, दहा मिनिटं कोमट, आणि मग एकदम हाताखालून गरम पाणी धावल्याचं कळलं. उघडला! थोड्या वेळानं फॅन आपोआप लागला, थोड्या वेळानं बंद झाला. काटा मधोमध.

अडीच तासांत झालं सगळं. वॉल्व्ह, कूलंट, पाणी धरून बाराशेच्या आत. परवा नांदेडला जाऊन आलो, हीटर भट्टीसारखा गरम. ॲव्हरेज पुन्हा सोळाच्या वर आलंय आणि ऑइलच्या झाकणाखालचा तो पांढरा थर गेला. अठरा हजारांचं हेड गॅस्केट अजून आहे तिथंच आहे, ठणठणीत.

जुना पंप आणि जुनी फॅनची मोटार दोन्ही माझ्या पडवीत आहेत. पंपाची चकती बोटानं फिरवली तर लोण्यासारखी फिरते, खेळ नाही, आवाज नाही. मोटारीला काल इन्व्हर्टरच्या बॅटरीच्या दोन वायरी लावल्या, गरगर फिरली. येत्या रविवारी बॅटरी डिकीत टाकून ती मोटार पहिल्या मिस्त्र्याच्या दुकानात नेणार आहे आणि गिऱ्हाइकांसमोर त्याच्याच टेबलावर फिरवून दाखवणार आहे. पैसे परत मिळणार नाहीत हे माहीत आहे. तरी ती फिरताना त्यानं बघायची.