सही तेवढी करा, बाकीचे भाऊ बघतील

इंदूरच्या रामबागेतल्या एखाद्या निवृत्त गृहस्थाकडे सकाळी पोह्यांच्या वेळी जुना स्नेही आला आणि ‘काका, दारूचा ठेका तुमच्या नावावर घेऊ, सही तेवढी करा, बाकीचे मी बघतो’ असे म्हणाला, तर पोहे निवण्यापूर्वी सही करून मोकळे व्हावे, असा माझा प्रांजळ सल्ला आहे. ठेक्याचे वर्ष 1 एप्रिलला सुरू होते. मार्चच्या त्या घाईत अटी वाचत बसणे म्हणजे स्नेह्याचा अपमानच.

परवाना मिळाल्यावर दुकानाकडे फिरकू नये. घराण्यात कोणी दारूला शिवलेले नाही, ही सबब लोकांना पटते. शुल्क थकल्याची नोटीस आली, तर ती न फोडता टीव्हीखालच्या खणात ठेवावी. शुल्काचे चलन, म्हणजे बँकेत पैसे भरायची पावती, कोणी, कुठे, किती रकमेची भरली, याची चौकशी तर मुळीच करू नये. 2017 मध्ये याच शहरात उघडकीस आलेल्या चलन घोटाळ्यात थोडकी रक्कम भरायची, अक्षरी रकमेची जागा कोरी सोडायची आणि बँकेतून बाहेर पडल्यावर हजारांचे लाख करायचे, असा प्रकार चालल्याचे तपासात निघाले. सरकारला तो चाळीस कोटींहून अधिक रकमेला पडला. कोऱ्या जागेला एवढा भाव असताना तुम्ही ती कशाला न्याहाळता?

माल खपलाच नाही तर पैसे कसले, हा युक्तिवाद मात्र तयार ठेवावा. ठेक्याच्या लिलावात बोली लावणाऱ्याने तिचा बोजाही उचलला पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाने 1975 मध्येच सांगितले आहे. पण ती प्रकरणे पंजाब-राजस्थानची, आणि आपण तर नर्मदेचे पाणी पिणारे.

एवढे करूनही बालंट आलेच, तर हुकमी पान काढावे : स्नेह्याने नोटरी करून दिलेला करारनामा, ‘सर्व देणी मी फेडीन’ असे लिहिलेला. तो प्लास्टिकच्या पिशवीत घालून मोतीतबेल्याच्या कलेक्टर कचेरीत सादर करावा. आबकारी, म्हणजे दारूवरच्या शुल्काच्या, खात्याला परवान्यावरचे नाव तेवढे वाचता येते, करारनामा नव्हे, असा गैरसमज करून घेऊ नये. करारनामा ते लोक नक्की वाचतील, कारण विनापरवानगी ठेका दुसऱ्याला चालवायला दिल्याचा, म्हणजे अटी मोडल्याचा, लेखी पुरावा तुम्ही स्वतःच आणून दिलेला असेल. मग परवाना रद्द होईल, भरलेले शुल्क परत मिळणार नाही, दुकानाचा फेरलिलाव होईल आणि त्यात आलेली तूट तुमच्याच खात्यावर मांडली जाईल. ग्वाल्हेरला मोतीमहालात आबकारी आयुक्तांपुढे अपील करता येते; प्रवासात दशम्या न्याव्यात.

आबकारीची थकबाकी जमीन महसुलासारखी वसूल होत असल्याने शेवटी तहसीलची माणसे घरी येतील. स्नेह्याचा फोन तेव्हा बंद असेल. जप्तीच्या यादीत टीव्ही पहिला लिहिला जाईल आणि खालचा खण उघडताच सगळ्या नोटिसा, बंद पाकिटांतल्या, ओळीने सापडतील.