कलम २१ आणि फुटपाथवरचा माणूस

संविधान किती बदललं असा विषय निघाला की लोक घटनादुरुस्त्या मोजायला लागतात. शंभरावर झाल्यात, खरं आहे. पण माझ्या मते सगळ्यात मोलाचा बदल एका कलमात, त्यातला एकही शब्द न बदलता झालाय. कलम २१. कायद्याने ठरवलेल्या कार्यपद्धतीशिवाय कुणाचंही जीवित किंवा व्यक्तिस्वातंत्र्य हिरावता येणार नाही. बस, एवढंच.

१९५० साली स्थानबद्ध कम्युनिस्ट नेते ए. के. गोपालन हे कलम घेऊन सर्वोच्च न्यायालयात गेले आणि हरले. रीतसर कायदा आहे ना, मग तो न्याय्य आहे का हे तपासणं आमचं काम नाही, असा बहुमताचा सूर होता. न्या. फझल अलींनी विरोधी मत लिहिलं. ते खरं ठरायला १९७८ उजाडलं. मनेका गांधींच्या पासपोर्टच्या खटल्यात न्यायालय म्हणालं, कार्यपद्धती न्याय्य आणि वाजवीच हवी.

मधे १९७६ आहे, ते विसरून चालणार नाही. आणीबाणीत डांबलेल्यांना सुटकेसाठी न्यायालयात दादच मागता येणार नाही, असं पाचपैकी चार न्यायमूर्ती म्हणाले. त्या चौघांत पुण्याचे य. वि. चंद्रचूडही होते. हे वाचताना मला आजही त्रास होतो. एकटे एच. आर. खन्ना विरोधात गेले आणि पुढे त्यांचं सरन्यायाधीशपद हुकलं. तो निकाल अधिकृतपणे मोडीत निघाला २०१७ मध्ये, आणि तसं लिहिणाऱ्यांत चंद्रचूडांचेच चिरंजीव होते.

पण याच य. वि. चंद्रचूडांनी १९८५ मध्ये मुंबईतल्या फुटपाथवासीयांच्या खटल्यात लिहिलं की पोट भरण्याचं साधन काढून घेतलं तर जगण्याचा हक्क उरतच नाही. पत्रकार ओल्गा टेलिस आणि फुटपाथवर राहणारी माणसं तिथवर गेली म्हणून ‘जीवित’ शब्दात उपजीविका आली. मात्र झोपड्या वाचल्या नाहीत. हटवण्याआधी नोटीस द्या, बाजू ऐकून घ्या, हा नियम साधारणपणे मिळाला. त्या लोकांना न्यायालयाने पावसाळा संपेपर्यंत मुदत दिली.

म्हणून संविधान आपोआप वाढतं, यावर माझा विश्वास नाही. कुणीतरी हरण्याची तयारी ठेवून दार ठोठावतं, तेव्हा ते वाढतं.

नोव्हेंबर २०२४ मध्ये न्या. भूषण गवई आणि न्या. विश्वनाथन यांनी घर पाडण्याआधी पंधरा दिवसांची नोटीस सक्तीची केली, तीही कलम २१ चा आधार घेऊन. चांगला निकाल आहे, मनापासून सांगतो. पण रस्ता, फुटपाथ अशा सार्वजनिक जागांवरच्या अनधिकृत बांधकामांना तो लागू नाही. म्हणजे ज्यांनी १९८५ चा खटला लढवला, त्यांच्यासारखी माणसं अजून बाहेरच आहेत.