हप्ता किती बसेल हे सगळे विचारतात, एकूण किती जाणार हे कुणीच सांगत नाही

परवा होमलोनचं स्टेटमेंट काढलं आणि तेव्हापासून डोकं जे फिरलंय ते अजून ठिकाणावर आलेलं नाही. पाच वर्षं झाली. ६० हप्ते. एकही चुकवला नाही, एकही उशिरा भरला नाही, घरात कुणी आजारी पडलं तरी आधी हप्ता आणि मग बाकीचं, असं करत भरले. मला वाटलं होतं पाव कर्ज तरी फिटलं असेल. २० वर्षांतली ५ झाली म्हणजे पाव, एवढा सरळ हिशोब डोक्यात होता माझ्या.

सगळ्यांना कळावं म्हणून माझं कर्ज १०० होतं असं धरून सांगते, खरा आकडा कितीही असू दे, प्रमाण तेच येतं. तर १०० घेतले, ९ टक्क्यांनी, २० वर्षांसाठी. हप्ता बसला महिन्याला ०.९०. पाच वर्षांत खात्यातून गेले ५४. आणि मुद्दल शिल्लक किती? ८८.७! म्हणजे ५४ भरून फिटले ११.३ आणि बाकीचे जवळजवळ ४३ व्याजात गेले. मी तीनदा बघितलं. वाटलं काहीतरी चुकलंय, एखादं पेमेंट जमा व्हायचं राहिलंय. काही राहिलं नव्हतं, सगळं बरोबर होतं, आणि त्याचाच जास्त राग आला.

कारण हे आधी माहीत होतं ना कर्ज देणाऱ्यांना? पहिल्या दिवशी, आम्ही दोघं नवराबायको त्या टेबलासमोर बसलो होतो तेव्हा, समोरच्या माणसाच्या कॉम्प्युटरवर पूर्ण २४० महिन्यांचा तक्ता एका क्लिकवर निघत होता. त्यात कुठल्या महिन्यात किती व्याज, किती मुद्दल, सगळं ओळीने लिहिलेलं असतं. तो तक्ता आम्हाला कुणी दाखवला नाही. विचारलं काय, तर "मॅडम, किती हप्ता बसेल तुम्हाला?" बस. सगळी चर्चा त्या एका प्रश्नाभोवती. पगार किती, घरखर्च किती, मग हप्ता एवढा बसतो, मग कर्ज एवढं मिळतं, अभिनंदन, इथे सही करा, इथे करा, इथेपण करा. एवढ्या सह्या केल्या की हात दुखला आणि त्यातल्या एकाही कागदाच्या पहिल्या पानावर मोठ्या अक्षरात असं लिहिलेलं नव्हतं की बाई, तू १०० घेतेयस आणि २१६ परत करणार आहेस.

हो, २१६. ९ टक्के, २० वर्षं, रेट अजिबात हलला नाही असं धरलं तरी २१६. ११६ नुसतं व्याज. "९ टक्के" ऐकलं की माणसाला वाटतं शंभरावर नऊ, एवढंच तर आहे. अहो ते नऊ दर वर्षी आहेत, आणि उरलेल्या सगळ्या मुद्दलावर आहेत, आणि सुरुवातीला मुद्दल जवळजवळ सगळंच उरलेलं असतं! पहिल्या महिन्याचं व्याज ०.७५ आणि हप्ता ०.९०, म्हणजे मुद्दलाला मिळाले ०.१५. सहातला एक हिस्सा. बाकी पाच हिस्से व्याज. असं हळूहळू सरकत सरकत हप्त्यात मुद्दल आणि व्याज निम्मं निम्मं व्हायला १२ वर्षं लागतात, आणि अर्धं कर्ज फिटायला १४. चौदा वर्षं! पहिलीत घातलेलं पोर तोवर कॉलेजात जातं आणि तुमचं अर्धं कर्ज अजून डोक्यावर असतं.

आता कुणी म्हणेल, यात फसवणूक काय आहे, गणितच असं आहे. मान्य. शिल्लक रकमेवर व्याज लागणं यात चोरी नाही, मला तेवढं कळतं. माझा राग गणितावर नाहीये, ते झाकून ठेवण्यावर आहे. साधा मिक्सर-पंखा घेताना माणूस एकूण किंमत विचारतो, आणि आयुष्यातली सगळ्यात मोठी वस्तू घेताना एकूण किंमत हा विषयच निघत नाही, निघतो तो फक्त महिन्याचा आकडा. का, तर महिन्याचा आकडा कसाही लहान करून दाखवता येतो, मुदत वाढवली की झालं.

माझ्या धाकट्या दिराचं आत्ता हेच चाललंय. त्याला ३० वर्षांचं लोन घ्यायला लावतायत आणि तो खूश आहे. "वहिनी, हप्ता कमी येतोय ना, मग झालं." मी बसले कॅल्क्युलेटर घेऊन. त्याच १०० ला, त्याच ९ टक्क्यांनी, २० ऐवजी ३० वर्षं केली तर हप्ता ०.९० वरून येतो ०.८० वर. जेमतेम साडेदहा टक्के कमी. आणि एकूण भरायचे किती? २९०. व्याज ११६ वरून १९०! महिन्याला एवढंसं वाचवायला आयुष्यात ७४ जास्त, म्हणजे मूळ कर्जाच्या पाऊणपट पैसे जास्त. आणि उलटं बघा, १५ वर्षं केली तर हप्ता जातो १.०१ वर, एकूण १८३. हे तीन आकडे शेजारी शेजारी लिहून दाखवले तर किती जण ३० वर सही करतील? म्हणूनच तर दाखवत नाहीत.

बरं एवढ्यावर थांबलं असतं तरी मी गप्प बसले असते. माझा खरा भडका उडाला तो स्टेटमेंटच्या खालच्या ओळीवर. उरलेले महिने - २०८. अहो २४० महिन्यांचं कर्ज, ६० भरले, तर उरले १८० पाहिजेत की नाही? फोन केला. अर्धा तास म्युझिक ऐकलं. मग एक मुलगा म्हणाला, मॅडम तुमचं लोन फ्लोटिंग आहे, म्हणजे रेट वर-खाली होत राहतो, आता ९ चा १० झालाय, तुमच्यावर बोजा पडू नये म्हणून आम्ही ईएमआय तोच ठेवलाय, फक्त टेन्युअर, म्हणजे मुदत, ॲडजस्ट केलाय. बोजा पडू नये म्हणून! ६० हप्ते भरले आणि महिने कमी झाले ३२. माझ्या आयुष्याचे २८ महिने परस्पर वाढवले, मला एक फोन नाही, एक पत्र नाही, मेसेज आला असेल तर तो ऑफरच्या शंभर मेसेजमध्ये कुठेतरी गाडलेला.

त्या २८ महिन्यांची किंमत काढली मी. जवळजवळ २५. म्हणजे पाच वर्षं घाम गाळून जे ११ फेडलं त्याच्या दुपटीपेक्षा जास्त एका ओळीत परत डोक्यावर चढवलं. आणि मला विचारलं असतं तर? मुदत १८० महिनेच ठेवा आणि हप्ता वाढवा म्हटलं असतं तर हप्ता ०.९० वरून ०.९५ झाला असता, फक्त ६ टक्के वाढ. आम्ही भरला असता हो! दर वर्षी पगार थोडा तरी वाढतोच ना. त्या ६ टक्क्यांत एकूण १५ वाचले असते. पण हा पर्याय आहे हे सांगायचं कुणी? बोजा कमी करण्याच्या नावाखाली सगळ्यात महाग पर्याय गपचूप निवडून टाकला आणि वर उपकाराची भाषा.

आणि हा रेट कर्ज नवीन असताना वाढला असता तर काय झालं असतं ते बघितलं आणि झोप उडाली. पूर्ण १०० शिल्लक असताना ९ चा १० झाला आणि हप्ता तोच ठेवला तर २४० चे ३१४ महिने होतात, सहा वर्षांपेक्षा जास्त वाढ. आणि ११ झाला तर? तर महिन्याचं व्याजच होतं ०.९२ आणि हप्ता ०.९०. म्हणजे तुम्ही दर महिन्याला इमानदारीत हप्ता भरताय आणि कर्ज कमी व्हायच्या ऐवजी वाढतंय. दोन टक्क्यांच्या फरकात एवढं होतं, आणि "फ्लोटिंग घ्या, फ्लोटिंग स्वस्त पडतं" एवढंच आम्हाला सांगितलेलं. फिक्स्डवाल्यांनी, म्हणजे न बदलणारा रेट घेतलेल्यांनी पण फार खूश होऊ नये, तुमचा कागद काढून वाचा, बऱ्याच ठिकाणी ते फिक्स्ड पहिल्या काही वर्षांपुरतंच असतं आणि पुढे काय ते बारीक अक्षरात.

बारीक अक्षरावरून आठवलं, तो इन्शुरन्स. लोनबरोबर घ्यावाच लागतो असं बोलले, प्रीमियम एकदम मोठा होता, तर म्हणाले खिशातून द्यायची गरज नाही मॅडम, लोनमध्येच ॲड करू. आम्हाला केवढं बरं वाटलं तेव्हा. आता कळतंय की लोनमध्ये ३ ॲड केले तर त्या ३ वर पण २० वर्षं व्याज चालतं आणि ते होतात साडेसहा. इन्शुरन्स असणं चुकीचं नाही, घरातला कमावता माणूस गेला तर मागच्यांच्या डोक्यावर कर्ज राहू नये हे मलाही पटतं, पण तो वेगळा घेता येतो का, किती स्वस्त पडतो, हे विचारायची सवड तरी द्या. प्रोसेसिंग फी वेगळी, लीगलवाल्याची फी वेगळी, व्हॅल्युएशनची वेगळी, आणि हे सगळं मंजुरीनंतर एकेक करून समोर येतं, जेव्हा माणूस घराला टोकन देऊन बसलेला असतो आणि मागे फिरू शकत नाही.

आणि तो फ्लॅट रेटवाला प्रकार, तो तर मला सरळ सरळ दिशाभूलच वाटते. ५ टक्के फ्लॅट म्हणून सांगतात, ऐकणाऱ्याला वाटतं ९ पेक्षा किती स्वस्त. फ्लॅट म्हणजे मुद्दल फिटत गेलं तरी व्याज पूर्ण १०० वरच मोजत राहायचं. २० वर्षांना ते ५ टक्के फ्लॅट म्हणजे नेहमीच्या हिशोबाने जवळजवळ ८ टक्के होतात. त्याच कर्जाला दोन आकडे, आणि ऐकवायचा तो लहान.

घरच्यांशी बोलावं तर तिथे वेगळाच त्रास. माझा भाऊ म्हणतो, ताई तू उगाच डोकं खातेस, घराची किंमत दुप्पट झालीय, फायद्यात आहेस तू. कसला फायदा? घर १२५ चं होतं, २५ आम्ही घातले, १०० कर्ज. सगळं फेडेपर्यंत जाणार २५ आणि २१६, म्हणजे २४१, आणि ते रेट वाढायच्या आधीच्या हिशोबाने. मेंटेनन्स, टॅक्स, रंग, गळती, नळ, हे धरलंच नाही. २५० ला विकलं तर लोक म्हणणार १२५ चे २५० झाले. हातात काय राहिलं ते कुणी मोजत नाही. राहायला मिळालं, भाडं वाचलं, हे खरं आहे आणि ते मी नाकारत नाही, घर घेतल्याचा पश्चात्ताप पण नाहीये मला. महागाईने पैशाची किंमत कमी होते, पुढचे हप्ते हलके वाटतात, हेही खरं. पण महागाई वाढली की बहुतेक वेळा व्याजदर पण वर जातात आणि फ्लोटिंगवाल्याला तो हलकेपणा पूर्ण मिळतच नाही, हे अर्धवट सांगणाऱ्यांना कुणी विचारत नाही.

सगळ्यात जास्त जीव कशाने जळतोय सांगू? पहिल्या वर्षी आमच्याकडे थोडे पैसे आले होते. साधारण ५ म्हणा, त्याच हिशोबात. आम्ही विचारलं होतं लोनमध्ये भरू का, तर उत्तर मिळालं की आत्ताच काय घाई आहे, असू द्या हाताशी, नंतर भरा. ठेवले. खर्च झाले. आता काढलं मी गणित. ते ५ त्या पहिल्या वर्षाच्या शेवटी भरले असते आणि हप्ता तोच ठेवला असता तर सव्वादोन वर्षांपेक्षा जास्त मुदत कमी झाली असती आणि साधारण २० व्याज वाचलं असतं. पाचाला वीस! आणि तेच ५ पंधरा वर्षं झाल्यावर भरले तर वाचतात अडीच. म्हणजे "नंतर भरा" या दोन शब्दांची किंमत आम्हाला केवढी पडली, आणि ते बोलणारा माणूस दुसऱ्या मिनिटाला विसरला असेल. दर वर्षी एक हप्ता जास्तीचा भरत गेलो असतो तरी २० वर्षांचं कर्ज साडेसोळा वर्षांत संपलं असतं. हे आम्हाला कुणी सांगितलं नाही, शाळेत नाही, घरात नाही, आणि ज्यांचा तो रोजचा धंदा आहे त्यांनी तर नाहीच.

गहाणाला इंग्रजीत मॉर्गेज म्हणतात, तो शब्द जुन्या फ्रेंचमधून आलाय म्हणे, अर्थ "मेलेलं तारण". आपला गहाण शब्द बरा, निदान ऐकल्यावर माणूस सावध होतो. होमलोन म्हटलं की कसं घर मिळाल्यासारखं वाटतं.

काल अर्ज लिहिला मी. मुदत परत १८० महिन्यांवर आणा, हप्ता ०.९५ करा, आणि यापुढे रेट बदलला तर आधी मला विचारा. काउंटरवरची मुलगी म्हणाली, मॅडम सगळे तर हप्ता कमी करून मागतात. मी म्हटलं, पोच दे मला, तारीख आणि शिक्क्यासकट. दिराची सही सोमवारी आहे. त्याच्याबरोबर मी जाणार आहे, आणि तो ३६० महिन्यांचा पूर्ण तक्ता प्रिंट करून त्याच्या हातात येत नाही तोवर त्याला पेन उचलू देणार नाहीये.